आधी बघा, सही कोणाची आहे

सत्र न्यायालयात अटकपूर्व जामिनाचे अर्ज बोर्डावर असले आणि प्रकरण जमिनीच्या किंवा फ्लॅटच्या फसवणुकीचं असलं, की एक प्रश्न हमखास ऐकू येतो : "किती भरताय?" कधी तो फिर्यादीच्या वकिलांकडून येतो, कधी खुद्द न्यायासनावरून. बऱ्याचदा कोणी विचारण्याआधीच आरोपीचे वकील उठून सांगतात, की अशील आपली सचोटी दाखवायला दहा लाख भरायला तयार आहेत. पुढची तारीख पडते, तोवर अटक नाही. तारखेला डीडी आला तर संरक्षण चालू, नाही आला तर आणखी एक तारीख. दोन-तीन महिने असेच जातात आणि ज्या साठेखतावरून, म्हणजे पुढे खरेदीखत करून द्यायच्या करारावरून, एवढं रामायण झालं, त्याची पानं कोणी उलटलेलीच नसतात.

ही पद्धत कायद्यात बसत नाही, फिर्यादीच्याही फायद्याची नाही. अटकपूर्व जामीन द्यायचा की नाकारायचा, हे तीन प्रश्नांवर ठरायला हवं : दस्तावर सही कोणाची आहे, मूळ कागद आज कोणाकडे आहे, आणि ही मिळकत अजून कोणाच्या नावावर सरकू शकते का. आरोपी किती भरतो याचा या तिन्हींशी काडीचा संबंध नाही.

सर्वोच्च न्यायालय हे गेली काही वर्षं सांगतं आहे. २०२१ मध्ये मध्य प्रदेशातून शेतजमिनीच्या साठेखताचं प्रकरण आलं होतं. उच्च न्यायालयाने अटकपूर्व जामिनासाठी ४१ लाख भरायची अट घातली होती. ती रद्द करताना न्यायालय म्हणालं, की फौजदारी न्यायालयाने फिर्यादीचा वसुली एजंट होऊ नये, तेही खटला न चालवता. २०२३ मध्ये दिल्लीतल्या प्रकरणात जमीनमालकाला २२ लाख भरायला सांगितले होते. त्याने बिल्डरबरोबर विकसन करार केला होता, आणि फ्लॅट घेणाऱ्यांनी पैसे दिले होते ते बिल्डरला. तीही अट गेली. अपवाद ठेवला तो सार्वजनिक पैशाच्या अपहाराचा, तोही आरोपी आपणहून भरायला तयार असेल तर. तरीही प्रथा थांबली नाही, तेव्हा २८ जुलै २०२५ रोजी साताऱ्यातल्या अपहाराच्या एका प्रकरणात न्यायालयाने सरळ निर्देशच दिला : आरोपी रक्कम भरायची हमी देतो म्हणून कोणत्याही सत्र किंवा उच्च न्यायालयाने जामीन देऊ नये, अर्ज गुणदोषांवर निकाली काढावा. त्या आरोपीने पाच महिन्यांत २५ लाख भरायचं प्रतिज्ञापत्र दिलं, बाहेर आला आणि भरले नाहीत. जामीन रद्द झाल्यावर तो सर्वोच्च न्यायालयात गेला, तिथे ५० हजारांचा खर्च अंगावर घेऊन परतला.

मग प्रथा का टिकते? कारण ती सगळ्यांच्या सोयीची आहे. फिर्यादीची बाजू आधी बघू, कारण त्याचं गाऱ्हाणं खोटं नसतं. साठेखतावरून खरेदीखत करून मागायचा दावा मुदत कायद्याच्या अनुच्छेद ५४ प्रमाणे तीन वर्षांत लावावा लागतो. ठरलेल्या तारखेपासून तीन वर्षं, तारीख ठरली नसेल तर समोरच्याने नकार दिल्याचं कळल्यापासून. माणूस ही तीन वर्षं "पुढच्या महिन्यात करून देतो" या आश्वासनावर काढतो. चौथ्या वर्षी वकिलाकडे जातो, तेव्हा दिवाणी दार बरंचसं लागलेलं असतं. दाव्याला रकमेप्रमाणे कोर्ट फी असते, पोलिसांत दिलेल्या फिर्यादीला काहीच नसते. फ्लॅटचं असेल तर रेराचा, म्हणजे गृहप्रकल्पांवरच्या नियामक प्राधिकरणाचा, आदेश हातात असतो, वसुली वॉरंट जिल्हाधिकाऱ्यांकडे आणि तिथून तहसीलदारांकडे गेलेलं असतं आणि तिथेच बसलेलं असतं. अशा माणसाला कोणी सांगितलं, की एक फिर्याद दे, महिन्याभरात तो स्वतः पैसे घेऊन येईल, तर तो ऐकणारच. आणि पुष्कळदा पैसे येतातही. हे नाकारण्यात अर्थ नाही.

पण कोण पैसे आणू शकतो ते बघा. ज्याने तीन जणांकडून त्याच प्लॉटचे पैसे घेतले, त्याच्याकडे भरायला पैसे असतातच, ते फिर्यादींचेच असतात. पहिल्याचे पैसे कोर्टात भरून तो तिसऱ्याच्या फिर्यादीत संरक्षण मिळवतो. त्याच दस्तावर साक्षीदार म्हणून सही केलेला त्याचा ड्रायव्हर किंवा ऑफिसातला पोरगा मात्र एक लाखही भरू शकत नाही. तो आत जातो. रक्कम हा निकष धरला की गुन्ह्यात ज्याचा वाटा मोठा, त्याची सुटका सोपी होते.

आता सहीकडे येऊ. फिर्याद हातात आली की पहिल्यांदा कलमं वाचायची सवय वकिलांना आणि पोलिसांना दोघांनाही आहे. आधी दस्त वाचावा. जमिनीच्या फसवणुकीत मला तीनच मुख्य तऱ्हा दिसतात.

एक, विकणाऱ्याने स्वतःच्याच नावाने, स्वतःचीच सही करून दस्त केला, पण मिळकत त्याची नव्हती, किंवा आधीच विकली होती, किंवा बँकेकडे गहाण होती. ही फसवणूक असू शकते, पण हा खोटा दस्तऐवज नाही. बिहारमधल्या एका प्रकरणात २००९ साली सर्वोच्च न्यायालयाने हा फरक नीट उलगडला. "ही जमीन माझी आहे" असं खोटं लिहून स्वतः सही करणारा माणूस दुसऱ्या कोणाचं सोंग घेत नाही, म्हणून बनावटीकरणाची कलमं त्याला लागत नाहीत. फसवल्याची तक्रार खरेदीदार करू शकतो. ज्याची जमीन कागदावर विकली गेली त्या खऱ्या मालकाला कोणी फसवलेलं नसतं, त्याला दिवाणी दावाच लावावा लागतो. मालकाला हे ऐकून संताप येतो. साहजिक आहे, पण कायदा असा आहे.

दोन, सही किंवा अंगठा मालकाचा म्हणून दाखवला पण दिला दुसऱ्याच माणसाने. किंवा मालकाने कधी दिलंच नाही असं कुलमुखत्यारपत्र तयार करून त्याच्या जोरावर खरेदीखत केलं. इथे दुसऱ्याच्या नावाने, दुसऱ्याच्या अधिकाराने दस्त झाल्याचा देखावा आहे. हे बनावटीकरण.

तीन, सही खरी, मिळकत खरी, मालक खरा. फक्त कबूल केलं ते झालं नाही. ताबा रखडला, परवानगी आली नाही, भाव वाढल्यावर मालकाचं मन फिरलं. ही फसवणूक ठरायची असेल तर सही करतानाच करून द्यायचं नव्हतं, हे कागदातून दिसलं पाहिजे. दिसत नसेल तर हा करारभंग.

पहिली आणि तिसरी तऱ्हा साठेखतातल्याच एका कलमावर ओळखता येते. जवळजवळ प्रत्येक साठेखतात एक वाक्य असतं : "सदर मिळकत निर्वेध, निजोखमी व बोजाविरहित असून तीवर कोणाचाही हक्क, हितसंबंध वा कर्ज नाही." या वाक्याखालच्या सहीची तारीख एका बाजूला ठेवा, गहाणखताची किंवा आधीच्या साठेखताची तारीख दुसऱ्या बाजूला. गहाण आधीचं असेल तर विकणारा त्या दिवशीच खोटं बोलत होता. गहाण सहा महिन्यांनी झालं असेल तर प्रकरण वेगळं होतं, आणि फिर्यादीत "सुरुवातीपासूनच फसविण्याचा उद्देश होता" हे पालुपद कितीही वेळा घातलं तरी तारीख बदलत नाही. हे तपासायला कोणाला कोठडीत घ्यायची गरज नाही. इंडेक्स टू, म्हणजे नोंदणी कार्यालयातल्या दस्तांच्या सूचीचा उतारा, आणि बँकेचं एक पत्र पुरतं.

असं असताना एफआयआरमध्ये मात्र तिन्ही तऱ्हांना जुन्या दंड संहितेची तीच कलमं दिसतात : ४०६, ४२०, ४६७, ४६८, ४७१, ३४. नव्या न्याय संहितेत आकडे बदलले, यादी तीच. ४६७ त्यात का असतं, याचं गणित साधं आहे. ४२० म्हणजे आताचं ३१८(४), शिक्षा सात वर्षांपर्यंत. सात वर्षांपर्यंतच्या गुन्ह्यात अर्नेश कुमार प्रकरणाच्या २०१४ च्या निकालाप्रमाणे अटक हा नियम नाही, पोलिसांनी आधी हजर राहायची नोटीस द्यायची. ती पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेच्या ४१अ ची होती, आता नागरिक सुरक्षा संहितेच्या ३५(३) ची आहे. ४६७, म्हणजे आताचं ३३८, मौल्यवान दस्तऐवजाचं बनावटीकरण. शिक्षा जन्मठेपेपर्यंत. ते जोडलं की नोटिशीचं बंधन सुटतं आणि अटकेची भीती खरी होते. सही आरोपीची स्वतःचीच आहे अशा प्रकरणात ४६७ कशाच्या आधारे लावलं, हा प्रश्न जामिनाच्या सुनावणीत पहिल्या पाच मिनिटांत विचारला गेला पाहिजे. तो विचारला गेला तर निम्म्या अर्जांचं स्वरूपच बदलेल असं माझं मत आहे. ४०६ (विश्वासघात) आणि ४२० (फसवणूक) एकाच व्यवहाराला एकत्र लावायची सवयही अशीच. फसवणूक करणारा पहिल्यापासून खोटा असतो, विश्वासघात करणाऱ्याकडे आधी विश्वासाने काही सोपवलेलं असतं. एकाच वस्तुस्थितीवर दोन्ही उभे राहू शकत नाहीत, असं सर्वोच्च न्यायालयाने २०२४ मध्ये सांगितलं आणि पोलिसांना हा फरक कळत नसल्याबद्दल खेदही व्यक्त केला.

आता तपास अधिकाऱ्याचा "से". अर्जाला विरोध करताना पोलीस ठाण्यातून जे लेखी म्हणणं येतं, त्यातला मुद्द्यांचा भाग इतका ठरलेला असतो, की गावाचं नाव आणि गुन्हा नंबर बदलला की झालं. एकेक ओळ घेऊ.

"मूळ दस्तऐवज हस्तगत करणे आहे." दस्त नोंदणीकृत असेल तर त्याची प्रत दुय्यम निबंधकांकडे आहे. मूळ प्रत आरोपीकडे असेल तर ती हजर करायची अट घालता येते, आणि आरोपी जामिनावर असला तरी त्याने दाखवून दिलेली वस्तू पुराव्यात घेता येते. त्यापुरता तो कोठडीत आहे असं समजायचं, ही सोय १९८० च्या सिब्बिया निकालातच आहे आणि सुशीला अग्रवाल प्रकरणात पाच न्यायमूर्तींनी २०२० मध्ये ती कायम ठेवली.

"हस्ताक्षर व स्वाक्षरीचे नमुने घेणे आहे." यासाठी आता अटक लागत नाही. नागरिक सुरक्षा संहितेचं कलम ३४९ दंडाधिकाऱ्यांना लेखी कारण देऊन, अटक झालेली नसतानाही सही, हस्ताक्षर, बोटांचे ठसे आणि आवाजाचा नमुना मागायचा अधिकार देतं.

"साथीदारांचा शोध घेणे आहे." नोंदणीकृत दस्ताच्या शेवटचा गोषवारा काढा. लिहून देणारा, लिहून घेणारा आणि ओळख देणारे दोन इसम, सगळ्यांचे फोटो आणि अंगठे त्यावर असतात. साथीदार बहुतेकदा त्या पानावरच असतात. नोटरीसमोर पाचशेच्या स्टँपपेपरवर केलेल्या कागदाला मात्र हा आधार नसतो. तिथे नोटरीच्या रजिस्टरातल्या सहीपासून सुरुवात करावी लागते, आणि तपास खरोखर अवघड असतो.

"फसवणुकीची रक्कम हस्तगत करणे आहे." पैसे बँकेतून गेले असतील तर खात्याचा उतारा बोलतो. रोखीने गेले असतील, आणि गेलेले असतातच, तर फिर्यादीलाही त्याबद्दल फार खोलात जायचं नसतं.

"आरोपी साक्षीदारांवर दबाव आणण्याची शक्यता आहे." ही शक्यता कशावरून, ते क्वचितच लिहिलेलं असतं.

एवढं सगळं म्हटल्यावर कोणी म्हणेल, की मग कोठडीची गरजच नाही, सगळ्यांना जामीन द्या. तसं नाही. कोठडीतली चौकशी लागत नाही एवढ्यावरून अटकपूर्व जामिनाचा हक्क निर्माण होत नाही, हेही सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये बजावलं आहे. आणि दुसऱ्या तऱ्हेच्या प्रकरणांत, जिथे माणूसच खोटा उभा केलेला असतो, तिथे माझं मत उलट बाजूला झुकतं.

गुरुग्रामचं प्रकरण त्याचं चांगलं उदाहरण आहे. परदेशी राहणारं एक वयस्कर दाम्पत्य. त्यांच्या जमिनीचं १९९६ सालचं म्हणून एक कुलमुखत्यारपत्र २०२२ मध्ये उगवलं. त्यावर सहा कोटी साठ लाखांना खरेदीखत झालं. जमिनीचा बाजारभाव ५० कोटींच्या वर असल्याचं मालकांचं म्हणणं. सव्वीस वर्षं कोणी न वापरलेलं मुखत्यारपत्र आणि इतकी पडेल किंमत, तरी उच्च न्यायालयाने अटकपूर्व जामीन दिला. जुलै २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो रद्द केला आणि विशेष तपास पथक नेमायला सांगितलं. अशा व्यवहारात कागदावर दिसतात त्यापेक्षा न दिसणारे जास्त असतात : मालक परदेशात असल्याची बातमी देणारा, खोटं ओळखपत्र बनवणारा, जुना स्टँप मिळवून देणारा, कार्यालयात आतून मदत करणारा. हे गोषवाऱ्यात सापडत नाहीत. इथे कोठडी मागणारा तपास अधिकारी बरोबर असतो. आणि इथेच कोणी ५० लाख भरायला तयार झाला, तर ती तयारी जामिनाच्या विरोधातलं कारण मानावी, इतपत मी म्हणेन. पुण्या-नाशिकभोवती प्लॉट घेऊन ठेवून अमेरिकेत किंवा आखातात स्थायिक झालेल्यांनी हा निकाल जरूर वाचावा.

अंतरिम संरक्षणाबद्दल थोडक्यात. अंतिम निकालाआधीचं हे संरक्षण पंधरा दिवसांसाठी म्हणून दिलं जातं आणि वर्षभर चालतं. नीहारिका इन्फ्रास्ट्रक्चर प्रकरणात गुन्हा मुंबईत वरळीला नोंदला होता. सत्र न्यायालयातलं अंतरिम संरक्षण सुमारे वर्षभर वाढत राहिलं. अर्ज तसाच प्रलंबित असताना आरोपी गुन्हा रद्द करून घ्यायला उच्च न्यायालयात गेले, तिथेही "कठोर कारवाई करू नये" असा आदेश मिळाला. एप्रिल २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो आदेश रद्द करताना असे कारण न देता दिलेले आदेश तपास ठप्प करतात असं सुनावलं. डीडीच्या तारखा आणि अंतरिम संरक्षण ही जुळी भावंडं आहेत. एक थांबलं की दुसरं आपोआप आखडतं.

मुख्य चूक मला वेगळीच वाटते. फिर्यादीला जमीन हवी असते किंवा तिचे पैसे हवे असतात, आणि त्याचे वकील सहा महिने आरोपीच्या अटकेवर खर्च करतात. तेवढ्यात मिळकत चौथ्या माणसाच्या नावावर जाते. अटकेने सातबारा गोठत नाही. फेरफार थांबत नाही. वर्तमानपत्रातली जाहीर नोटीस किंवा दुय्यम निबंधकांना दिलेला हरकतीचा अर्ज यांनीही दस्त थांबत नाही, कारण विकणाऱ्याचा मालकी हक्क तपासत बसणं हे निबंधकाचं कामच नाही. पोलिसही जमिनीवर टाच आणू शकत नाहीत. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १०२ खाली स्थावर मालमत्ता जप्त करता येत नाही, असा निकाल २०१९ मध्ये महाराष्ट्रातल्याच प्रकरणात तीन न्यायमूर्तींनी दिला. मालकीचे कागद मात्र जप्त करता येतात, हेही त्यात स्पष्ट आहे.

मग वाट काय? नागरिक सुरक्षा संहितेत कलम १०७ आलं आहे. गुन्ह्यातून मिळालेली कोणतीही मालमत्ता, जंगम-स्थावर असा भेद न करता, पोलीस अधीक्षक किंवा आयुक्तांच्या मंजुरीने तपास अधिकारी न्यायालयाकडे टाचेसाठी मांडू शकतो. न्यायालय १४ दिवसांची कारणे दाखवा नोटीस काढतं, नोटिशीनेच हेतू फसणार असेल तर एकतर्फी अंतरिम आदेशही देतं. मालमत्ता गुन्ह्यातलीच ठरली तर जिल्हाधिकाऱ्यांमार्फत ६० दिवसांत बाधितांना प्रमाणशीर वाटप. वसुलीची जागा ही आहे. "रक्कम हस्तगत करणे आहे" असं प्रत्येक से मध्ये टंकणाऱ्या ठाण्याने १०७ चा अर्ज केला का, हे जामिनाच्या सुनावणीत सरकारी वकिलांना विचारावं.

जामीन द्यायचा असेल तर अटी मिळकतीला धरून घालाव्यात : वादातल्या गट नंबरात तिसऱ्याचा हक्क निर्माण करायचा नाही, मूळ दस्त अमुक तारखेला हजर करायचे, पासपोर्ट जमा, ठरलेल्या वारी ठाण्यात हजेरी. ताबा देऊन टाका किंवा भिंत पाडा असली अट मात्र नको. मध्य प्रदेशातल्या एका प्रकरणात तशी घातली होती, ती सर्वोच्च न्यायालयाने २०२४ मध्ये काढून टाकली. दिवाणी हक्क जामिनात ठरत नाही, मग तो पैशाचा असो की भिंतीचा.

आणि फिर्यादीने फिर्याद दिली त्याच आठवड्यात दिवाणी दावा लावून मनाई हुकूम मागावा, मुदत शिल्लक असेपर्यंत. दावा लावून थांबू नये. १९३९ च्या मुंबई दुरुस्तीमुळे दावा चालू असल्याची नोटीस, म्हणजे लिस पेंडन्स, दुय्यम निबंधकांकडे नोंदवावी लागते. हे काम वकील विसरतात, किंवा "नंतर करू" म्हणतात. नोटीस एकदा नोंदली, की त्या गट नंबरावर ई-सर्च करणाऱ्या पुढच्या गिऱ्हाइकाला इंडेक्स टू मध्ये दावा दिसतो, आणि तो विसाराचे पैसे खिशातच ठेवून परत जातो.